क्वीनचा पहिला अल्बम: रात्रपाळीतलं रेकॉर्डिंग आणि पन्नास वर्षांनी केलेली दुरुस्ती

ऑक्टोबर २०२४ मध्ये क्वीन या ब्रिटिश रॉक बँडचा पहिला अल्बम 'क्वीन वन' या नावाने नव्याने बाजारात आला. मूळ अल्बम १३ जुलै १९७३ रोजी आला होता, आणि तेव्हा त्याचं नाव नुसतंच 'क्वीन' होतं. नव्या आवृत्तीसाठी कुणी पुन्हा गायलेलं नाही की वाजवलेलं नाही. गाणं-वाजवणं सगळं जुन्या टेपांवरचंच. तरीही दोन्ही लागोपाठ ऐकले तर ड्रम्स भलतेच वेगळे वाटतात, गिटार अंगावर आल्यासारखी वाटते आणि जुन्या अल्बममध्ये नसलेलं एक गाणं मध्येच सापडतं.

मग हा काय प्रकार आहे? तेच रेकॉर्डिंग वेगळं कसं ऐकू येतं? आणि मुळात बँडला आपल्याच पहिल्या अल्बमची पन्नास वर्षं रुखरुख का लागून राहिली? माझं मत आधीच सांगून टाकतो. या अल्बमचा आवाज फसला आणि त्याचं स्वागतही थंड झालं, त्याचं कारण गाण्यांपेक्षा करारात आणि वेळापत्रकात शोधायला हवं.

आधी, ही मंडळी कोण

ब्रायन मे (गिटार) आणि रॉजर टेलर (ड्रम्स) आधी 'स्माइल' नावाच्या बँडमध्ये होते. तो मोडला आणि १९७० मध्ये त्यांना फ्रेडी मर्क्युरी येऊन मिळाला. बास गिटारवाले एकामागून एक बदलले, शेवटी १९७१ मध्ये जॉन डीकन आला आणि चौकडी पक्की झाली. मे खगोलभौतिकीत पीएचडी करत होता. त्याची गिटारही घरचीच. जुन्या शेकोटीच्या चौकटीचं लाकूड आणि मोटरसायकलच्या इंजिनातल्या स्प्रिंगा वापरून त्याने ती वडिलांसोबत घरी बनवली होती. तारा छेडायला तो सहा पेन्सचं नाणं वापरायचा.

फ्रेडीचं मूळ नाव फारोख बलसारा. पारशी घरातला, १९४६ मध्ये झांझिबारला जन्मलेला. शाळा मात्र आपल्या पाचगणीची, सेंट पीटर्स, तीही वसतिगृहात राहून. तिथे तो पियानो शिकला आणि 'द हेक्टिक्स' नावाच्या शाळकरी बँडमध्ये वाजवू लागला. १९६४ मध्ये झांझिबारला क्रांती झाली आणि बलसारा कुटुंब इंग्लंडला गेलं. पाचगणीचं नाव निघालं की आपल्याकडे लगेच 'म्हणजे आपलाच की!' असा सूर लागतो. लागू दे. पण या अल्बमचं नशीब ठरलं ते लंडनच्या सोहो भागातल्या सेंट ॲन्स कोर्ट नावाच्या अरुंद गल्लीत. ट्रायडेंट स्टुडिओ तिथे होता.

रेकॉर्डिंग, मिक्स, रीमास्टर, रीमिक्स

हे चार शब्द एकदा नीट समजले की पुढचं सगळं सोपं आहे.

सत्तरच्या दशकात गाणं 'मल्टिट्रॅक' टेपवर रेकॉर्ड व्हायचं. टेप एकच, पण तिच्यावर शेजारी शेजारी अनेक पट्टे. ट्रायडेंटमध्ये तेव्हा असे १६ पट्टे मिळायचे. काही पट्ट्यांवर ड्रम्स, एकावर बास, काहींवर गिटार, काहींवर आवाज. सगळं एकाच वेळी वाजवायची गरज नाही. आधी ड्रम्स-बास, मग त्यावर गिटार, मग गाणं, असं थरावर थर चढवता येतं. थर जास्त आणि पट्टे कमी पडले तर तीन-चार थर एकत्र करून एकाच पट्ट्यावर उतरवायचे आणि जागा मोकळी करायची. मेला गिटारच्या थरांची भारी हौस, त्यामुळे क्वीनला हे सारखं करावं लागे.

मग येतो 'मिक्स'. कोणता पट्टा किती मोठा, कोणता डावीकडून, कोणता उजवीकडून, कशाला किती घुमारा हे ठरवून सगळ्या पट्ट्यांमधून डाव्या-उजव्या स्पीकरची एक अंतिम टेप तयार करायची. आपण ऐकतो ते हे.

मिसळीचं बघा. उसळ, कट, फरसाण, कांदा आत वेगवेगळ्या भांड्यांत असतात, ते पट्टे. वाढून आलेली प्लेट म्हणजे मिक्स. प्लेट समोर आल्यावर लिंबू पिळता येतं, जरा कांदा भुरभुरता येतो. ते झालं रीमास्टर, म्हणजे तयार मिक्सच वरवर साफसूफ करून उजळवणं. कटच मुळात बेचव झाला असेल तर लिंबाने काय होणार? त्यासाठी आत भांड्यांपाशीच जायला हवं. मूळ मल्टिट्रॅक टेपांकडे परत जाऊन सगळं प्रमाण पुन्हा ठरवणं म्हणजे रीमिक्स. आपल्याकडे रीमिक्स म्हटलं की जुन्या गाण्याला चढवलेला ढिच्यांग ठेका आठवतो, इथे त्याचा काही संबंध नाही.

क्वीनचा पहिला अल्बम याआधीही रीमास्टर झाला होता. २०२४ मध्ये झाला तो रीमिक्स.

फुकटातलं पहिलं रेकॉर्डिंग, जे चांगलं झालं

१९७१ च्या अखेरीला डी लेन ली नावाच्या स्टुडिओने वेम्बलीत नवी इमारत थाटली होती. नवी यंत्रं नीट चालतात का, एका खोलीतला आवाज शेजारच्या खोलीत झिरपतो का, हे तपासायला त्यांना दणकून वाजवणारा बँड हवा होता. क्वीन तयार झाले. सौदा साधा होता. तुम्ही इथे वाजवा, आमची तपासणी होऊ दे, बदल्यात तुमचं रेकॉर्डिंग फुकट. यातून पाच गाण्यांचा 'डेमो' तयार झाला, म्हणजे कंपन्यांना ऐकवायचा नमुना.

हा डेमो बँडला मनापासून आवडला होता. वेळ हाताशी होता, ड्रम्स मोकळे वाजत होते. पुढे अल्बम करताना 'द नाइट कम्स डाउन' हे गाणं ट्रायडेंटमध्ये पुन्हा रेकॉर्ड करून पाहिलं, पण मजा येईना; शेवटी डेमोतलंच जसंच्या तसं अल्बमवर घेतलं. नवशिक्या बँडचा चाचणीतला नमुना लंडनमधल्या एका नावाजलेल्या स्टुडिओच्या कामापेक्षा सरस ठरतो, तेव्हा दोष बँडचा नसणार, एवढं तरी मान्य करायला हरकत नाही.

रात्री स्टुडिओ मोकळा असतो

जॉन अँथनी आणि रॉय थॉमस बेकर हे दोन निर्माते डी लेन लीमध्ये गेले असताना त्यांनी क्वीनला ऐकलं आणि ट्रायडेंटच्या मालकांना, म्हणजे नॉर्मन आणि बॅरी या शेफील्ड बंधूंना, त्यांचं नाव सुचवलं. ट्रायडेंटचा तेव्हा दबदबा होता. बीटल्सचं 'हे जूड' १९६८ मध्ये तिथे रेकॉर्ड झालं होतं. डेव्हिड बोवी, एल्टन जॉन यांची तिथे ये-जा असायची. अशा स्टुडिओचा तास महाग.

म्हणून क्वीनला मिळाला 'डाउनटाइम'. पैसे देणाऱ्या गिऱ्हाइकाने न घेतलेली किंवा लवकर सोडलेली वेळ म्हणजे डाउनटाइम. व्यवहारात ही वेळ बहुतेकदा मध्यरात्रीनंतरची, कधी थेट पहाटेची. जून ते नोव्हेंबर १९७२ असा हा खेळ चालला. बँड येऊन बसायचा, आतलं काम आटपायची वाट बघायचा आणि हाती लागलेल्या तासांत जमेल तेवढं उरकायचा. सकाळी पुन्हा दुसऱ्याची पाळी. म्हणजे माइक काढा, खटके पूर्ववत करा. दुसऱ्या रात्री तोच आवाज पुन्हा जमवायचा म्हणजे पहिल्यापासून सुरुवात.

अशाच एका वाट बघण्यात ट्रायडेंटच्या एका निर्मात्याने फ्रेडीला दोन जुनी गाणी गायला बसवलं. मे आणि टेलरही त्यात सामील झाले. क्वीनच्या अल्बमच्या जरासं आधी ती रेकॉर्ड बाजारात आली, 'लॅरी ल्युरेक्स' या बनावट नावाने. कुणी घेतली नाही.

ड्रम्सचं दुखणं काय होतं

रिकाम्या खोलीत टाळी वाजवा आणि मग कपड्यांनी गच्च भरलेल्या कपाटात तोंड घालून वाजवा. पहिल्या टाळीत खोली ऐकू येते, दुसरीत नुसता हात. ड्रम्सचंही असंच. आपण ज्याला भारदस्त आवाज म्हणतो त्यात ड्रमवरचा फटका अर्धाच, उरलेला अर्धा भिंतींवरून परतलेला आवाज असतो.

ट्रायडेंटची पद्धत होती ड्रम्स एका छोट्या बंदिस्त खोलीत ठेवायचे, त्यांच्यावर चिकटपट्ट्या मारायच्या आणि घुमारा अगदी आवळून टाकायचा. त्या काळात हा कोरडा, नेटका आवाज फॅशनमध्ये होता, आणि पियानोवरच्या गाण्यांना तो शोभायचाही. क्वीनला हवं होतं नेमकं उलटं. आपण सभागृहात बसलोय आणि बँड समोर वाजतोय असं वाटलं पाहिजे, हा मे आणि टेलरचा आग्रह. तो चालला नाही. नवख्या पोरांचं, तेही फुकटात रेकॉर्ड करणाऱ्यांचं, कोण ऐकणार?

'मॅड द स्वाइन' हे गाणं तर याच कटकटीत बळी गेलं. त्यातल्या तालवाद्यांच्या आवाजावरून बँड आणि बेकर यांचं जुळेना, आणि गाणंच अल्बममधून गळलं. २०२४ च्या आवृत्तीत ते चौथ्या क्रमांकावर, त्याच्या ठरलेल्या जागी, परत आलंय.

ऐकून पडताळायचं असेल तर 'कीप युवरसेल्फ अलाइव्ह' घ्या, अल्बममधलं पहिलंच गाणं. गाण्याच्या मध्ये एका ठिकाणी बाकी सगळं थांबतं आणि काही क्षण ड्रम्सच उरतात. डी लेन लीचा डेमो, १९७३ चा अल्बम आणि २०२४ चा रीमिक्स यांतला तेवढाच तुकडा लागोपाठ ऐका. मोबाइलच्या स्पीकरवर नको, साधे का होईना पण हेडफोन लावा. १९७३ च्या तुकड्यात हात चालतोय हे कळतं, पण खोली कुठेच नाही. या गाण्याचा मिक्स करताना बरेच प्रयत्न फसले होते. अखेर माइक स्टोन या ट्रायडेंटमधल्या तरुण साउंड इंजिनिअरचा मिक्स सगळ्यांना पटला.

इतका त्रास होता तर सही कशाला केली?

रास्त शंका. दुसऱ्या एका कंपनीचा देकार आलाही होता, पण बँडला तो कमी वाटला. ट्रायडेंट देत होतं ते मोठं होतं: स्टुडिओ, वाद्यं, साउंड सिस्टिम आणि वर मॅनेजमेंट, म्हणजे बँडचा सगळा कारभार बघणं. नोव्हेंबर १९७२ मध्ये सह्या झाल्या.

एरवी बँड थेट रेकॉर्ड कंपनीशी करार करतो. इथे मध्ये ट्रायडेंट. अल्बम ट्रायडेंटने बनवायचा, मग तो ईएमआयसारख्या रेकॉर्ड कंपनीला द्यायचा. वर बँडचं मॅनेजमेंट ट्रायडेंटकडे आणि गाण्यांच्या प्रकाशनाचे हक्कही तिकडेच. गोम इथे आहे. मॅनेजरचं काम असतं बँडच्या बाजूने रेकॉर्डवाल्यांशी भांडणं. रेकॉर्ड बनवणारा आणि मॅनेजर एकाच घरातले असतील तर भांडायचं कुणी कुणाशी? बँडला सुरुवातीला आठवड्याला माणशी सुमारे २० पौंड मिळत.

शेफील्ड बंधूंची बाजूही ऐकायला हवी. कुणीही विचारत नव्हतं तेव्हा त्यांनी पैसे गुंतवले, वाद्यं-यंत्रणा घेऊन दिली, विकला जाईल की नाही याची खात्री नसलेला अल्बम स्वतःच्या खर्चाने पुरा केला. त्यांना खलनायक ठरवणं सोपं आहे. मला ते तितकंसं पटत नाही. करार वाईट होता. पण हा करार नसता तर हा अल्बम झाला असता का, सांगता येत नाही.

अल्बम बाजारात आला, पण उशिरा

नोव्हेंबर १९७२ मध्ये काम हातावेगळं झालं, आणि दुकानात अल्बम आला जुलै १९७३ मध्ये. मधले आठ महिने गेले गिऱ्हाईक शोधण्यात आणि ईएमआयशी बोलणी करण्यात. कंपनी पक्की नसतानाच, फेब्रुवारी १९७३ मध्ये, बीबीसीने बँडचं रेडिओसाठी रेकॉर्डिंग केलं होतं.

आठ महिने ऐकायला फार वाटत नाहीत. पण त्या वर्षी ते फार होते. चकचकीत कपडे, मेकअप, नाटकी गाणी असा 'ग्लॅम रॉक' तेव्हा ऐन भरात होता. बोवीचा, झिगी स्टारडस्ट या त्याने रंगवलेल्या पात्राचा, अल्बम जून १९७२ मध्ये आला, तोही रेकॉर्ड झाला होता ट्रायडेंटमध्येच. आणि ३ जुलै १९७३ ला बोवीने लंडनच्या हॅमरस्मिथ ओडियनच्या रंगमंचावरून झिगीला निरोपही देऊन टाकला. त्यानंतर दहाच दिवसांनी क्वीनचा पहिला अल्बम. काळे नखरंगवाले, उंच पट्टीत गाणारे हे चौघे लोकांना मागाहून आलेली नक्कल वाटले तर नवल नाही. गाणी मात्र त्याच्या कितीतरी आधीची. बँडने अल्बमच्या पाकिटावरच लिहिलं होतं की गेल्या तीन वर्षांतलं आमचं संगीत अखेर थोडंफार इथे उतरलंय. त्या 'अखेर'मध्ये बराच राग दडलाय असं मला नेहमी वाटतं. त्याच पाकिटावर आणखी एक ओळ होती, कुणीही सिंथेसायझर (विजेवर आवाज तयार करणारं वाद्य) वाजवलेला नाही अशी. गिटारचे थर ऐकून लोक यंत्राचा संशय घेतील ही धास्ती, आणि अर्थात मिरवणंही.

अल्बमच्या आठवडाभर आधी आलेलं 'कीप युवरसेल्फ अलाइव्ह' खपाच्या यादीत कुठेच लागलं नाही. बीबीसीच्या रेडिओ वन या वाहिनीने त्याला जवळ केलं नाही. बीबीसीच्या 'ओल्ड ग्रे व्हिसल टेस्ट' या टीव्ही कार्यक्रमात मात्र एक गंमत झाली. तिथे कोरं लेबल असलेली प्रत पोहोचली, कुणाची ते कळेना, पण संगीत आवडलं. म्हणून धावत्या आगगाडीचं जुनं कार्टून लावून त्यावर ते गाणं वाजवलं. बँड पडद्यावर दिसलाच नाही.

मग समीक्षक चुकले का?

'न्यू म्युझिकल एक्स्प्रेस' या साप्ताहिकातल्या समीक्षकाने अल्बमला मुताच्या बादलीची उपमा दिली, ती आजही सांगितली जाते. पण सगळेच असे तुटून पडले नव्हते. अमेरिकेत 'रोलिंग स्टोन' या नियतकालिकाने लेड झेपेलिन या बड्या रॉक बँडची रिकामी गादी मागण्याची ताकद या पोरांत आहे, अशा अर्थाचं कौतुक केलं. तिकडे अल्बम ८३ व्या क्रमांकापर्यंत गेला. ब्रिटनमध्ये आला तेव्हा यादीत नव्हता. मार्च १९७४ मध्ये दुसरा अल्बम गाजल्यावर लोक मागे वळून पहिला घेऊ लागले, तेव्हा कुठे तो २४ व्या क्रमांकावर पोहोचला.

नीट पाहिलं तर हे लोक एकाच रेकॉर्डविषयी बोलत होते आणि तरी वेगवेगळ्या गोष्टी ऐकत होते. लंडनच्या समीक्षकाला ग्लॅमच्या लाटेतला उशिरा आलेला बँड दिसला. अमेरिकेत ती लाट तेवढी पोहोचलीच नव्हती, त्यामुळे तिकडच्याला सरळ गिटारचा रॉक ऐकू आला. आणि अल्बमला दोष आहेतच. 'माय फेअरी किंग' एकाच गाण्यात इतक्या वेळा वळणं घेतं की पहिल्यांदा ऐकणाऱ्याचा धागा सुटतो. मर्क्युरी हे आडनाव फ्रेडीने याच गाण्यातल्या एका ओळीवरून घेतलं, असं मेने सांगितलंय. अल्बमच्या शेवटी 'सेव्हन सीज ऑफ राय'चा जेमतेम सव्वा मिनिटाचा, बोल नसलेला तुकडा आहे, जणू गाणं पुरं व्हायचं राहून गेलंय. तेच गाणं पुरं करून पुढच्या वर्षी आणलं आणि ब्रिटनच्या यादीत ते दहाव्या क्रमांकावर गेलं.

पन्नास वर्षांनी हात लावायचा हक्क कुणाला?

सर्वांत अवघड आक्षेप हा आहे. फ्रेडी १९९१ मध्ये गेला. डीकनने १९९७ नंतर संगीतातून अंग काढून घेतलं. म्हणजे निर्णय चौघांतल्या दोघांचा. शिवाय कोरडा का होईना, तो आवाज १९७२ चा आहे. इतिहास आहे. तो कशाला पुसायचा?

पुसला असता तर मीही कुरकुरलो असतो. पण १९७३ चा मिक्स आजही ऐकायला मिळतो. आणि मे-टेलर जे करू पाहत होते ते त्यांना आज सुचलेलं नाही, तेव्हापासून त्यांची हीच तक्रार होती. तांत्रिक अंगाने बघितलं तर यात एक विचित्र योग आहे. कोरड्या आवाजाला नंतर घुमारा देता येतो. टेपवर एकदा उतरलेला घुमारा काढणं महाकठीण. म्हणजे ज्या कोरड्या रेकॉर्डिंगचा बँडने राग राग केला, त्याच्यामुळेच २०२४ ची दुरुस्ती शक्य झाली.

माझी कुरकुर आहे ती दुसरीच. नवा मिक्स जरा जास्तच सजवलेला आहे. काही जागी ड्रम्स १९७२ च्या तरुण पोरांपेक्षा नंतर मैदानं भरवणाऱ्या बँडचे वाटतात. डी लेन लीचा डेमो मला या दोन्हींपेक्षा जवळचा वाटतो.

फुकट रात्रींचं बिल

दुसऱ्या अल्बमच्या वेळी, ऑगस्ट १९७३ मध्ये, क्वीनने ट्रायडेंटकडे आधी एकच अट घातली: आम्हाला नेहमीच्या गिऱ्हाइकासारखी ठरलेली वेळ हवी, उरलेसुरले तास नकोत. ती मान्य झाली. पैशाचं मात्र सुधारलं नाही. गाणी यादीत वर चढू लागली तरी बँडच्या हाती फारसं काही येत नव्हतं. काठ्या मोडतील, नव्या परवडणार नाहीत, तेव्हा जपून वाजव, असं टेलरला बजावल्याचा किस्सा या दिवसांतलाच म्हणून सांगितला जातो.

शेवटी वकिलामार्फत ऑगस्ट १९७५ मध्ये काडीमोड झाला. सुटकेसाठी ट्रायडेंटला १ लाख पौंड द्यायचे आणि पुढच्या सहा अल्बमांवर १ टक्का रॉयल्टीही. त्या सहांतला पहिला 'अ नाइट ॲट द ऑपेरा', तीनच महिन्यांनी आलेला, 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी' असलेला.